वेडेपणाचा शिक्का आणि स्त्रीचा हक्क

अमेरिकेतील इलिनॉय राज्याने १८५१ मध्ये वेड्यांच्या सरकारी इस्पितळासंबंधी एक कायदा केला. कोणाही व्यक्तीला तेथे ठेवावयाचे झाल्यास तिच्या वेडेपणाचा पुरावा आधी पुढे आला पाहिजे, हे त्यातील सर्वसाधारण तत्त्व होते. या तत्त्वाला एक अपवाद मात्र ठेवण्यात आला होता. विवाहित स्त्री आणि अज्ञान बालक यांच्या बाबतीत अशा पुराव्याची आवश्यकता नव्हती. स्त्रीच्या पतीने किंवा बालकाच्या पालकाने विनंती करावी आणि इस्पितळाच्या अधीक्षकाने ती मान्य करावी, एवढे पुरेसे मानले जाई.

कायद्याच्या पुस्तकात हा अपवाद एका वाक्याचा होता. ते वाक्य लिहिणाऱ्यांच्या मनात दुष्ट हेतू असेल असे मानण्याचे कारण नाही. त्या काळच्या इंग्रजी परंपरेतील विधितत्त्वाप्रमाणे विवाहानंतर स्त्रीचे कायदेशीर अस्तित्व पतीच्या अस्तित्वात विलीन होत असे. जिला स्वतःच्या नावाने करार करता येत नाही, जिच्या मुलांवर पहिला अधिकार पित्याचा, तिच्या मनःस्थितीविषयीही पतीनेच बोलावे, हे तत्कालीन विधिज्ञांना स्वाभाविक वाटले असावे. बालकाची आणि पत्नीची एकाच ओळीत गणना झाली ती यामुळेच. या ओळीचा अर्थ प्रत्यक्षात काय होतो, हे नऊ वर्षांनी एका धर्मोपदेशकाच्या पत्नीने अनुभवले, आणि पुढची जवळजवळ सारी हयात तिने ती ओळ व तिच्यासारख्या इतर ओळी पुसून टाकण्यात खर्ची घातली. एलिझाबेथ पॅकर्ड हे तिचे नाव.

मँटेनो येथील घर

एलिझाबेथ यांचा जन्म २८ डिसेंबर १८१६ रोजी मॅसॅच्युसेट्स राज्यात झाला. वडील धर्मोपदेशक होते. मुलीला त्यांनी उत्तम शिक्षण दिले आणि काही काळ तिने शिक्षिकेचे कामही केले. वयाच्या १९ व्या वर्षी ती आजारी पडली असता वडिलांनी तिला वुस्टर येथील मनोरुग्णालयात ठेवले होते. काही आठवड्यांतच ती बरी होऊन घरी परतली. हा प्रसंग येथे नमूद करण्याचे कारण असे की, पुढे पंचवीस वर्षांनी तोच तिच्याविरुद्ध पुरावा म्हणून वापरण्यात आला.

१८३९ मध्ये तिचा विवाह थिओफिलस पॅकर्ड या धर्मोपदेशकाशी झाला. पती १४ वर्षांनी मोठे व कर्मठ मतांचे होते. दांपत्याला सहा मुले झाली. कुटुंब इलिनॉयमधील मँटेनो या गावी राहत असताना दोघांतील मतभेद उघड होऊ लागले. मनुष्य जन्मतःच पापी असतो, हा पतीच्या पंथाचा सिद्धान्त पॅकर्डबाईंना मान्य नव्हता. गुलामगिरीचा प्रश्न, मुलांचे संगोपन, घरातील पैशाचा व्यवहार या बाबतींतही त्यांची मते स्वतंत्र होती. घरातले हे मतभेद चर्चमधील बायबलच्या वर्गात बोलून दाखविले जाऊ लागले, तेव्हा धर्मोपदेशक पतीची अडचण झाली. ज्या मंडळींना तो रविवारी उपदेश करी, त्यांच्यासमोरच त्याची पत्नी त्या उपदेशाला हरकत घेत होती.

१८ जून १८६० रोजी दोन डॉक्टर घरी आले, त्यांनी नाडी पाहिली, आणि पॅकर्डबाईंना वेडी ठरविण्यात आले. आपण स्वतःच्या पायांनी जाणार नाही, एवढाच विरोध त्यांनी केला. त्यांना उचलून आगगाडीपर्यंत नेण्यात आले. धाकटा मुलगा त्या वेळी जेमतेम दीड वर्षाचा होता.

जॅक्सनव्हिलचे इस्पितळ

ज्या जॅक्सनव्हिलच्या इस्पितळात त्यांना नेले, ते एका स्त्रीच्याच प्रयत्नांनी उभे राहिले होते, ही गोष्ट मुद्दाम ध्यानात घेण्याजोगी आहे. डोरोथिया डिक्स या शिक्षिकेने १८४१ मध्ये मॅसॅच्युसेट्समधील एका तुरुंगात स्त्रीकैद्यांना रविवारचे पाठ देण्याचे काम घेतले, तेव्हा गुन्हेगारांबरोबर कोंडलेले मनोरुग्ण तिच्या दृष्टीस पडले. थंडीच्या दिवसांतही त्यांच्या खोल्यांत शेगडी नव्हती. बाईंनी त्या राज्यातील तुरुंग व गरीबगृहे हिंडून पाहिली आणि १८४३ मध्ये विधिमंडळाला सविस्तर निवेदन सादर केले. नंतर राज्याराज्यांतून त्यांनी हेच काम चालविले. इलिनॉय विधिमंडळाने १८४७ मध्ये इस्पितळाचा कायदा केला तो त्यांच्याच आग्रहामुळे. मनोरुग्णाला बेड्या नकोत, उपचार हवेत; तुरुंग नको, इस्पितळ हवे, ही त्यांची मागणी होती आणि तिचे मोल कमी लेखता येणार नाही.

तथापि या सुधारणेत एक उणीव राहून गेली. इस्पितळ चांगले असले, अधीक्षक दयाळू असला, म्हणजे सर्व काही ठीक होईल, असे गृहीत धरले गेले. तेथे कोणाला आणावयाचे, कोणाच्या शब्दावर आणावयाचे, आणि आणलेल्या व्यक्तीला ‘मी येथे का आहे?’ असे विचारावयाचे असल्यास तिने कोणाकडे जावे, या प्रश्नांची उत्तरे कोणी निश्चित केली नव्हती. पॅकर्डबाईंच्या प्रकरणाने ही उणीव उघडी पडली.

अधीक्षक डॉ. अँड्र्यू मॅक्फार्लंड यांनी प्रारंभी त्यांना सौजन्याने वागविले. परंतु बाईंनी इतर रुग्ण स्त्रियांना होणाऱ्या वागणुकीबद्दल लेखी तक्रार त्यांच्या हाती दिली, त्यानंतर त्यांची रवानगी अत्यंत बिघडलेल्या रुग्णांच्या कक्षात झाली. तेथे त्यांनी दोन कामे आरंभिली. एक म्हणजे तो कक्ष व त्यातील स्त्रिया यांची स्वच्छता. दुसरे लेखनाचे. कागद मिळत नसे, म्हणून मिळेल त्या चिटोऱ्यावर लिहावयाचे आणि आरशामागे किंवा कपड्यांच्या अस्तरात दडवावयाचे, असा क्रम त्यांनी ठेवला. आपल्यासारख्या आणखीही स्त्रिया तेथे आहेत, हे त्यांना याच काळात दिसले. पतीशी न पटलेल्या, नातलगांना नकोशा झालेल्या अशा त्या स्त्रिया होत्या. त्याचबरोबर खरोखरीच आजारी असलेल्या स्त्रियाही होत्या, आणि त्यांना होणारी मारहाण आजारामुळे क्षम्य ठरत नव्हती.

सात मिनिटांचा निर्णय

तीन वर्षांनंतर, जून १८६३ मध्ये, ‘बरी न होणारी’ असा शेरा मारून त्यांना सोडण्यात आले. घरी परतल्यावर पतीने त्यांना मुलांच्या खोलीत कोंडले आणि खिडक्या खिळे ठोकून बंद केल्या. मात्र येथे कायद्याचे एक विचित्र टोक पॅकर्डबाईंच्या उपयोगी पडले. पतीला आपली पत्नी पुराव्याविना इस्पितळात ठेवण्याची मुभा होती, पण स्वतःच्या घरात कोंडून ठेवण्याची नव्हती. खिडकीच्या फटीतून बाहेर टाकलेली एक चिठ्ठी मैत्रिणीच्या हाती पडली, तिच्यामार्फत ती न्यायाधीशांपर्यंत पोहोचली, आणि त्यांनी ‘हेबियस कॉर्पस’चा, म्हणजे कोंडलेल्या व्यक्तीला न्यायालयासमोर हजर करण्याचा आदेश दिला.

जानेवारी १८६४ मध्ये कँककी येथील न्यायालयात ज्यूरीसमोर सुनावणी झाली. पतीच्या बाजूने साक्ष देणाऱ्या डॉक्टरांपैकी एकाने शिवणयंत्राचा विक्रेता असल्याची बतावणी करून बाईंशी संभाषण केले होते. त्याने वेडेपणाची १५ कारणे नोंदविली. आपल्याला वेडी म्हटलेले बाईंना आवडत नाही, हे त्यांपैकी एक होते. आपण आपल्या काळाच्या तीस-चाळीस वर्षे पुढे आहोत असे त्या समजतात, हे दुसरे. दुसऱ्या बाजूने साक्ष देणारे डॉ. डंकन्सन यांनी, बाईंची सगळी मते आपल्याला पटत नाहीत, पण मत पटले नाही म्हणून आपण कोणाला वेडे म्हणत नाही, अशा आशयाचे उत्तर दिले. या सबंध खटल्यातील सर्वांत शहाणे बोलणे हेच म्हणावे लागेल. ज्यूरीतील १२ पुरुषांना निर्णयाप्रत येण्यास सात मिनिटे लागली. १८ जानेवारी १८६४ रोजी पॅकर्डबाई शहाण्या असल्याचे जाहीर झाले.

विजय झाला खरा, पण घरी जाऊन पाहतात तो घर दुसऱ्यांना भाड्याने दिलेले, सामान गेलेले, आणि पती मुलांना घेऊन मॅसॅच्युसेट्सला निघून गेलेला. यांपैकी कशाविरुद्धही दाद मागण्यास त्या वेळच्या कायद्यात विवाहित स्त्रीला पुरेसा आधार नव्हता. न्यायालयाने त्यांना शहाणे ठरविले, पण शहाण्या विवाहित स्त्रीलाही मुले आणि घर यांवर हक्क नव्हता. मनोरुग्णालयाचा प्रश्न आणि स्त्रीच्या नागरी हक्कांचा प्रश्न हे वेगळे काढता येत नाहीत, हे त्यांना येथे उमगले.

कायद्यासाठी वणवण

पुढील काळात पॅकर्डबाईंनी आपले लेखन स्वतः छापून विकले आणि त्या उत्पन्नावर राज्याराज्यांच्या विधिमंडळांकडे हेलपाटे घातले. १८६७ मध्ये इलिनॉयने व्यक्तिस्वातंत्र्याच्या संरक्षणाचा कायदा संमत केला. ज्यूरीच्या निर्णयाविना कोणालाही वेडा ठरवून कोंडता येणार नाही आणि तसे करणे शिक्षेस पात्र राहील, असे त्यात ठरले. त्याच सुमारास विधिमंडळाच्या समितीने जॅक्सनव्हिलच्या कारभाराची चौकशी करून अधीक्षक बदलण्याची शिफारस केली. विश्वस्तांनी ती मानली नाही. १८६९ मध्ये बाईंना मुलांचा ताबा मिळाला. १८७२ मध्ये आयोवा राज्याने केलेल्या कायद्याने रुग्णांच्या पत्रव्यवहाराला संरक्षण दिले आणि इस्पितळाची पाहणी करणाऱ्या समितीत स्त्रीला स्थान दिले. पत्राचा हक्क ही किरकोळ बाब वाटेल. परंतु पॅकर्डबाईंची सुटका एका चिठ्ठीने झाली होती, आणि तीन वर्षे अशी चिठ्ठी बाहेर जाऊ शकली नव्हती. हा हक्क त्यांनी चुकून डांबलेल्या शहाण्यांपुरता मागितला नाही, खऱ्या रुग्णांसाठीही मागितला. त्यांच्या कार्याचे मर्म येथे आहे.

त्यांच्या कायद्यावर डॉक्टरांनी कठोर टीका केली, आणि ती सर्वस्वी निराधार नव्हती. आजारी माणसाला गुन्हेगाराप्रमाणे उघड्या न्यायालयात उभे करणे, त्याच्या घरच्या गोष्टी चारचौघांत उकरणे आणि वैद्यकीय प्रश्नावर शेतकरी-दुकानदारांनी निकाल देणे, हे रुग्णाच्या हिताचे नाही, असे त्यांचे म्हणणे होते. ज्यूरीची सुनावणी झाली म्हणजे न्याय झालाच असेही नाही, याचे उदाहरण लवकरच मिळाले. अध्यक्ष अब्राहम लिंकन यांच्या विधवा पत्नी मेरी लिंकन यांच्याविरुद्ध त्यांच्या मुलाने अर्ज केला आणि १९ मे १८७५ रोजी शिकागो येथे याच ज्यूरीपद्धतीने त्यांना काही तासांत वेडी ठरविण्यात आले. सुनावणी आहे हे त्यांना त्याच दिवशी कळले. त्यांच्या वतीने उभा राहिलेला वकील त्यांनी निवडलेला नव्हता. पुढे मायरा ब्रॅडवेल या कायदेपंडित स्त्रीने त्यांच्या सुटकेसाठी खटपट केली, आणि १८७६ मध्ये दुसऱ्या ज्यूरीने त्यांना शहाणे ठरविले. आगाऊ सूचना, स्वतःचा वकील आणि निर्णयाचा फेरविचार या तीन गोष्टी नसतील, तर बारा पंच बसवूनही उपयोग होत नाही.

१८८७ मध्ये नेली ब्लाय या तरुण वार्ताहर स्त्रीने वेडाची बतावणी करून न्यूयॉर्कच्या स्त्रियांच्या मनोरुग्णालयात प्रवेश मिळविला. आत गेल्यावर ती नेहमीप्रमाणे वागू लागली, तरी तिच्या शहाणपणावर कोणी विश्वास ठेवला नाही. दहा दिवसांनी वृत्तपत्राने तिची सुटका करविली. तिच्या वृत्तान्तानंतर चौकशी झाली आणि अशा संस्थांच्या अनुदानात वाढ करण्यात आली.

भारतातील कायद्याची वाटचाल

आपल्या देशात १९१२ च्या ‘इंडियन लुनसी ॲक्ट’नुसार दाखल करण्यासाठी दंडाधिकाऱ्याचा आदेश आणि दोन वैद्यकीय प्रमाणपत्रे लागत. अर्ज शक्यतो पतीने किंवा पत्नीने करावा, अशी त्यात तरतूद होती. कागदावर दोघांना समान अधिकार होता. परंतु ज्या घरात स्त्रीच्या हाती पैसा नाही व माहेर दूर आहे, तेथे या समानतेचा उपयोग कोणाला अधिक झाला असेल, हे सांगण्याची गरज नाही. त्याची जागा घेणारा १९८७ चा मानसिक आरोग्य अधिनियम १ एप्रिल १९९३ पासून अंमलात आला. त्यात सुधारणा पुष्कळ होत्या, पण विशेष परिस्थितीत नातलगाच्या किंवा मित्राच्या अर्जावर, दोन वैद्यकीय प्रमाणपत्रांच्या आधारे, दंडाधिकाऱ्याच्या आदेशाविना ९० दिवसांपर्यंत दाखल करण्याची मुभाही होती.

याच सुमारास दोन न्यायनिर्णय महत्त्वाचे ठरले. हिंदू विवाह अधिनियमात १९७६ च्या दुरुस्तीने मानसिक विकार हे घटस्फोटाचे कारण म्हणून अधिक विस्ताराने घालण्यात आले होते. केवळ विकाराचे नाव सांगून भागत नाही, तो इतका तीव्र आहे की सहजीवन अशक्य व्हावे, हे सिद्ध करावे लागेल, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८८ मध्ये राम नारायण गुप्ता विरुद्ध रामेश्वरी गुप्ता या प्रकरणी सांगितले. पत्नीवर रोगाच्या नावाचा शिक्का मारून मोकळे होण्याची वाट त्यामुळे अरुंद झाली. दुसरा निर्णय १९९३ चा. पत्रकार शीला बारसे यांच्या याचिकेवर, गुन्हा केलेला नसलेल्या मनोरुग्णांना तुरुंगात ठेवणे बेकायदेशीर व घटनाबाह्य असल्याचे न्यायालयाने ठरविले. डोरोथिया डिक्स यांनी मॅसॅच्युसेट्सच्या तुरुंगात जे पाहिले, त्याला तोवर दीडशे वर्षे उलटून गेली होती.

मानसिक आरोग्य सेवा अधिनियम, २०१७ हा २९ मे २०१८ पासून लागू झाला. त्याचे कलम ३ वाचताना मँटेनोच्या घराची आठवण झाल्याखेरीज राहत नाही. समाजात रूढ असलेली नैतिक, सामाजिक वा सांस्कृतिक मूल्ये किंवा धार्मिक श्रद्धा एखादी व्यक्ती मानत नाही, या कारणाने तिला मनोरुग्ण ठरविता येणार नाही. पूर्वी कधी उपचार झाले होते, एवढ्यावरूनही तसे ठरविता येणार नाही. इच्छेविरुद्ध दाखल करावयाचे झाल्यास एका मनोविकारतज्ज्ञाने आणि दुसऱ्या व्यावसायिकाने स्वतंत्रपणे तपासणी केली पाहिजे. स्वतःला वा इतरांना इजा होण्याचा संभव किंवा स्वतःची काळजी घेण्याची असमर्थता अशी गंभीर कारणे असली पाहिजेत. पहिली मुदत ३० दिवसांची असते. दाखल झाल्याचे मानसिक आरोग्य पुनर्विलोकन मंडळाला कळविणे बंधनकारक आहे: इतरांच्या बाबतीत सात दिवसांत, स्त्री किंवा अज्ञान व्यक्ती असल्यास तीन दिवसांत. इलिनॉयच्या कायद्यात स्त्री आणि बालक एकत्र आले होते ते त्यांना कमी संरक्षण देण्यासाठी. येथे ते अधिक संरक्षण देण्यासाठी एकत्र आले आहेत.

पत्रव्यवहार, दूरध्वनी व भेटी यांचा हक्क, मोफत कायदेविषयक साहाय्य, आपला प्रतिनिधी स्वतः नेमण्याचा अधिकार, सक्तीने केशवपन न होणे, स्वतःचे कपडे वापरण्याची मुभा, मासिक पाळीच्या काळात लागणाऱ्या वस्तूंची सोय, तीन वर्षांखालील मुलाला सामान्यतः आईपासून न तोडणे, हे सारे आता कायद्याचे शब्द आहेत. साखळीने बांधण्यास आणि उपचाराच्या नावाखाली नसबंदी करण्यास मनाई आहे.

गावपातळीवर काय घडते?

महाराष्ट्रात ठाणे, पुणे (येरवडा), नागपूर व रत्नागिरी येथे प्रादेशिक मनोरुग्णालये आहेत. गावातून तेथे जाणाऱ्या स्त्रीचा प्रवास बहुधा घरातील कोणाच्या तरी सांगण्यावरून सुरू होतो, आणि त्या सांगण्याला पुष्टी देण्यासाठी कधी सरपंचाचा दाखला, कधी पोलीस पाटलाचा शब्द मागितला जातो. वारसाहक्काने जमिनीत हिस्सा असलेली विधवा, मूल न झालेली सून, नवऱ्याच्या दुसऱ्या लग्नाला विरोध करणारी पत्नी, यांच्याविषयी ‘डोक्यावर परिणाम झाला आहे’ असे सांगितले जाते, तेव्हा ते खरेही असू शकेल. पण अशा दाखल्यावर सही करणाऱ्याने स्वतः काय पाहिले आणि कोणाकडून काय ऐकले, हे वेगवेगळे लिहिणे इष्ट. रोगाचे निदान करणे हे पंचायतीचे काम नव्हे. तसा मजकूर दाखल्यात घालू नये.

याच्या उलट प्रकारही असतो. आजारी स्त्रीला उपचार न देता गोठ्यात किंवा मागच्या खोलीत बांधून ठेवले जाते, आणि घरातली गोष्ट म्हणून गाव गप्प बसते. कलम १०१ नुसार, मनोरुग्णाची देखभाल करणाऱ्याकडून त्याचा छळ किंवा हेळसांड होत आहे असे ज्याला सकारण वाटते, त्याने पोलीस ठाण्याच्या प्रमुखाला कळविले पाहिजे. आणि त्या अधिकाऱ्याने दंडाधिकाऱ्याला तत्काळ अहवाल दिला पाहिजे. वर्गातील मुलीच्या बोलण्यातून तिच्या आईविषयी असे काही शिक्षकाच्या कानावर आले, तर ही तरतूद त्यालाही लागू आहे. वकिलाची गरज असल्यास तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करता येतो, त्याला खर्च येत नाही.

सर्वांत बिकट प्रश्न बऱ्या झालेल्या स्त्रियांचा आहे. कुटुंब नाही, कुटुंब स्वीकारत नाही किंवा राहावयास घर नाही, एवढ्याच कारणास्तव कोणालाही मनोरुग्णालयात ठेवून घेता येणार नाही, असे कलम १९ सांगते, आणि अशांसाठी निवाऱ्याची व्यवस्था करण्याची जबाबदारी शासनावर टाकते. प्रत्यक्षात इस्पितळातून पाठविलेले पत्र गावच्या पत्त्यावर येते, आणि ‘येथे अशी कोणी व्यक्ती राहत नाही’ या शेऱ्यानिशी परत जाऊ शकते. दाखल झालेल्या स्त्रीचे नाव शिधापत्रिकेतून किंवा मतदारयादीतून कमी करण्याचा अर्ज घरच्यांकडून आला, तर ती कोठे आहे याची विचारणा ग्रामसेवकाने आणि तलाठ्याने त्याच वेळी करावयाची आहे. सातबाऱ्यावरील तिच्या हिश्श्याची नोंद तशीच राहावयास हवी. मनोरुग्णालयातील समाजसेवा अधीक्षक पत्ता पडताळून पाहण्यासाठी ग्रामपंचायतीशी संपर्क साधतात, तेव्हा त्यांना गावदप्तरात त्या स्त्रीचे नाव सापडले पाहिजे.